शिकाऊ मुलगी, साहेबांची सही आणि 'ए' प्रमाणपत्र

गेल्या पावसाळ्यात छत्रपती संभाजीनगरातल्या एका होतकरू दिग्दर्शकाने मला चौपन्न पानांची संहिता वाचायला दिली. कथा साधी होती. परभणीहून आलेली, एम.बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला असलेली तेवीस वर्षांची मुलगी वाळूजच्या एका कारखान्याच्या कार्यालयात दोन महिन्यांच्या इंटर्नशिपसाठी दाखल होते, तिथल्या चाळिशीतल्या व्यवस्थापकाकडे ओढली जाते, तोही तिच्याकडे ओढला जातो, आणि पुढे जे घडते ते संहितेत बऱ्यापैकी मोकळेपणाने लिहिलेले होते. खर्चाचा अंदाज शेवटच्या पानावर पेन्सिलीने मांडला होता आणि तो एखाद्या मध्यम लग्नाच्या खर्चापेक्षा कमीच होता. मुलाचा प्रश्न एकच होता: "सर, हे सेन्सॉरमधून पास होईल का?"

प्रश्न रास्त होता, पण अर्धाच होता. अशा विषयाला आपल्याकडे दोन वेगवेगळे कायदे दोन वेगवेगळ्या गजांनी मोजतात. एक कायदा पडद्यावर देह किती दिसला आणि कसा दिसला ते पाहतो. दुसरा, पडद्यावर दिसले तेच एखाद्या खऱ्या कार्यालयात घडले असते तर कोणाच्या हातात काय होते ते पाहतो. पहिल्या कायद्याची धास्ती प्रत्येक नवशिक्या दिग्दर्शकाला असते. दुसऱ्याचे नावही त्यांच्यापैकी अनेकांच्या कानावर गेलेले नसते, आणि माझ्या मते इंटर्नशिपवरची कथा उभी राहते की कोसळते ते या दुसऱ्या गजावरच ठरते. म्हणून दोन्ही समजून घेऊ. मात्र त्याआधी ज्याला 'इरॉटिक ड्रामा' म्हणतात तो प्रकार नेमका काय असतो, ते पाहिले पाहिजे.

इरॉटिक ड्रामा म्हणजे काय

'शृंगारिक नाट्यचित्रपट' असे अवजड भाषांतर करण्यापेक्षा 'इरॉटिक ड्रामा' हाच शब्द ठेवलेला बरा. ज्या कथेत माणसांची कामेच्छा हीच घटनांना वळण देते, तो इरॉटिक ड्रामा. ओळखण्याची एक सोपी परीक्षा आहे, तिला मी कात्रीची परीक्षा म्हणतो. चित्रपटातून जवळिकीची सगळी दृश्ये कापून टाकावीत आणि उरलेली कथा कळते का ते पाहावे. इरॉटिक ड्रामातून ती कापली की कथेचे सांधे निखळतात, कारण पात्रे बोलून जे सांगत नाहीत ते त्या दृश्यांतूनच कळत असते. सर्वसाधारण चित्रपटात मधेच घुसवलेले पावसातले गाणे कापले तर काहीही बिघडत नाही, फार तर चहाला उठण्याची वेळ हुकते. आणि अश्लील फितीत उलट असते: तिथे कथा कापली तरी पाहणाऱ्याला चुकल्यासारखे वाटत नाही.

हा प्रकार परदेशातून आला, अशी आपली एक समजूत असते. चित्रपट म्हणून तो तिकडून आला हे खरे; पण सूचक शृंगाराची कला मराठवाड्याला कोणी बाहेरून शिकवायला नको. पैठण, म्हणजे जुने प्रतिष्ठान, ही सातवाहनांची राजधानी. त्या घराण्यातल्या हाल राजाच्या नावावर असलेली 'गाथासप्तशती' महाराष्ट्री प्राकृतात आहे आणि तिच्यातल्या सुमारे सातशे गाथांपैकी कितीतरी गाथा गावातल्या बायकांच्या तोंडी आहेत. त्यातली एक गाथा पुढे काव्यशास्त्राच्या ग्रंथांत उदाहरण म्हणून गाजली. घरची सून मुक्कामाला थांबलेल्या वाटसरूला सांगते की सासू इथे झोपते, मी इथे झोपते, दिवसाउजेडी नीट पाहून ठेव, रात्री दिसत नाही म्हणून आमच्या अंथरुणावर येऊन पडू नकोस. शब्द मनाईचे आहेत, पत्ता मात्र बिनचूक दिलेला आहे. काव्यशास्त्रकार आनंदवर्धनाने ध्वनी, म्हणजे शब्दांआडून सुचवलेला अर्थ, समजावताना हीच गाथा घेतली. ज्याला पंचवीस लाखांत चित्रपट करायचा आहे आणि परदेशी नमुन्यावर तो करायचा आहे असे वाटते, त्याने आधी तासाभरावरच्या पैठणची ही दोन ओळींची शिकवणी लावावी, असे मी त्या मुलाला म्हणालो. त्याला ते फारसे रुचले नाही.

'स्वतंत्र' म्हणजे इंडिपेंडंट चित्रपट, म्हणजे मोठ्या निर्मितीसंस्थेच्या पैशावर आणि वितरणावर अवलंबून नसलेला. इरॉटिक ड्रामा आणि कमी पैसा यांचे जमते त्याला रोखठोक कारणे आहेत. चार पात्रे पुरतात, एक कार्यालय आणि एक भाड्याची खोली एवढ्यावर भागते, लढाया नाहीत, गर्दी नाही, आणि नावाजलेला नट नसला तरी विषयाच्या कुतूहलावर प्रेक्षक मिळेल अशी आशा असते. अमेरिकेत १९६८ मध्ये जुनी कडक आचारसंहिता जाऊन वयानुसार वर्गवारी आली आणि ऐंशीच्या दशकात व्हिडिओ कॅसेट घरोघर पोहोचली, तेव्हा चित्रपटगृहाचे तोंडही न पाहता थेट कॅसेटवर निघणारे असे चित्रपट ढिगाने निघाले. आपल्याकडे त्याच काळात व्हिडिओ पार्लर होते आणि जिल्ह्याच्या गावी एखाद्या चित्रपटगृहात सकाळचा 'मॉर्निंग शो' असे. वाढवलेल्या आवाजातले डब केलेले संवाद, पोस्टरवर चित्रपटात नसलेलेच दृश्य, आणि तिकिटाच्या रांगेत ओळखीचे कोणी दिसू नये म्हणून रुमालात तोंड लपवलेली मंडळी, हे ज्यांनी पाहिले त्यांना या प्रकाराला बदनामी का चिकटली हे वेगळे सांगायला नको.

तो बदनामीचा भाग पुष्कळदा विक्रेत्याने केलेला असतो. 'इरॉटिक' हा शिक्का दिग्दर्शकाने मारलेला असतोच असे नाही. वितरक तो मारतो, कारण त्या शिक्क्याने विक्री होते. एखादी गंभीर, संथ, कार्यालयातल्या एकाकीपणावरची कथा उत्तान पोस्टर लावून विकली जाते, त्यामुळे ज्याला उत्तान काही हवे असते तो पाहून वैतागतो, आणि ज्याला गंभीर काही आवडले असते तो पोस्टर पाहूनच पुढे जातो. वितरण करणारी छोटी संस्था बंद पडली की हक्क कोणाकडे गेले ते सापडत नाही. असे चित्रपट अप्रसिद्ध राहतात त्यामागे दर्जाइतकाच हा व्यवहारही असतो.

इंटर्नशिपच का

आता कथेच्या मुळाशी येऊ. कार्यालयातली प्रेमप्रकरणे पडद्याला नवी नाहीत, पण नोकरदार माणूस आणि इंटर्न यांत एक मोठा फरक आहे. नोकरदाराला पगार असतो, रजा असते, युनियन किंवा निदान चार वर्षांची ओळख असते. इंटर्न आठ किंवा दहा आठवड्यांची पाहुणी असते. पदव्युत्तर अभ्यासक्रमांत आता प्रत्यक्ष कामाच्या प्रशिक्षणाला श्रेयांक आहेत, त्यामुळे शेवटी मिळणारे प्रमाणपत्र आणि मूल्यमापनाचा कागद हा तिच्यासाठी पदवीचाच तुकडा असतो. मुख्यमंत्री युवा कार्य प्रशिक्षण योजनेत २०२४ पासून बारावी झालेल्याला दरमहा ६,०००, आय.टी.आय. किंवा पदविकाधारकाला ८,००० आणि पदवीधराला १०,००० रुपये विद्यावेतन ठरले. अनेक खासगी इंटर्नशिपांत तेवढेही मिळत नाही. म्हणजे पैशाने बांधलेली नसलेली ही मुलगी एका सहीने बांधलेली असते.

संहितेतल्या एका पानावर ही गोष्ट नकळत फार छान उतरली होती. शिफ्ट सुटलेली आहे, कंपनीच्या गाड्या फाटकापाशी रांगेत उभ्या आहेत आणि चालकांनी इंजिने सुरू केली आहेत. मुलगी खांद्याला पिशवी अडकवून साहेबांच्या टेबलासमोर उभी आहे, टेबलावर तिचा मूल्यमापनाचा कागद आहे, त्यावर 'शिफारस' असा एक रकाना रिकामा आहे आणि साहेब पेनचे टोपण काढतात, लावतात, पुन्हा काढतात. "आज थोडं थांबता येईल का? उद्याचं सादरीकरण बघून टाकू." तो सभ्यपणे विचारतो. बाहेर गाडीचा हॉर्न वाजतो. ती थांबते. लेखकाने हे प्रेमाच्या सुरुवातीचे दृश्य म्हणून लिहिले होते, आणि ते तसे असूही शकते, कारण तेवीस वर्षांच्या मुलीला मन असते आणि इच्छाही असते. पण वाचणाऱ्याची नजर त्या रिकाम्या रकान्यावरून हलत नाही. ती थांबली ती स्वतःच्या मनाने की त्या रकान्यासाठी, हे तिलाही त्या क्षणी सांगता येईल का? या एका प्रश्नावर चित्रपट दोन तास चालू शकतो.

पहिला गज: देह

चित्रपटगृहात दाखवायचा असेल तर चित्रपटाला केंद्रीय चित्रपट प्रमाणन मंडळाचे प्रमाणपत्र लागते. लोक त्याला अजून सेन्सॉर बोर्डच म्हणतात. अधिकृत नावातला 'सेन्सॉर' हा शब्द १९८३ मध्येच गेला. मंडळाचा आधार म्हणजे १९५२ चा सिनेमॅटोग्राफ कायदा. कलम ५-ब मध्ये ज्या कारणांसाठी प्रमाणपत्र नाकारता येते ती दिलेली आहेत: देशाची सुरक्षितता, परराष्ट्रांशी संबंध, सार्वजनिक सुव्यवस्था, बदनामी, न्यायालयाचा अवमान, गुन्ह्याला चिथावणी, आणि आपल्या विषयाला लागू पडते ते म्हणजे सभ्यता किंवा नीतिमत्ता. चित्रपट दाखवण्याआधीच तपासणे घटनेत बसते का, हा प्रश्न ख्वाजा अहमद अब्बास यांनी सर्वोच्च न्यायालयात नेला होता. १९७० मध्ये न्यायालयाने पूर्वतपासणी वैध ठरवली; हलती चित्रे प्रेक्षकाच्या मनावर छापील शब्दापेक्षा वेगळा आणि खोल परिणाम करतात, हे त्यामागचे एक कारण होते.

प्रमाणपत्राचे प्रकार आरंभी यू (सर्वांसाठी) आणि ए (फक्त प्रौढांसाठी) असे दोनच होते, १९८३ पासून यूए (लहानांनी पालकांच्या मार्गदर्शनाने पाहायचा) आणि विशिष्ट व्यावसायिकांसाठीचे एस आले, आणि २०२३ च्या दुरुस्तीने यूएचे ७, १३ आणि १६ वर्षांवरील असे तीन भाग झाले. ए मात्र जसे होते तसेच आहे: अठरा वर्षांखालील कोणालाही प्रवेश नाही. मराठवाड्यातल्या निर्मात्याचा अर्ज ऑनलाइन भरला जातो आणि मुंबईच्या प्रादेशिक कार्यालयाकडे जातो. तिथे परीक्षण समिती चित्रपट पाहते. तिचे म्हणणे पटले नाही तर पुनरीक्षण समिती असते. त्याच्यापुढे पूर्वी एक अपील न्यायाधिकरण होते. ते २०२१ मध्ये रद्द झाले, त्यामुळे आता तक्रार थेट उच्च न्यायालयात न्यावी लागते. मोठ्या निर्मात्याला वकील परवडतो. ज्याचा सगळा चित्रपटच एका लग्नाच्या खर्चात होतो, त्याच्यासाठी दोन कटांवरून उच्च न्यायालयात जाणे म्हणजे आणखी एक चित्रपट काढण्यासारखे आहे. तो बहुधा कट मान्य करून मोकळा होतो. कायद्याच्या पुस्तकात हे कुठे दिसत नाही, पण छोट्या चित्रपटांवर सगळ्यात जास्त परिणाम याच एका बदलाचा झाला असे माझे मत आहे.

समिती पाहते तरी काय? १९९१ ची मार्गदर्शक तत्त्वे सांगतात की चित्रपट त्याच्या एकूण परिणामावरून जोखावा आणि त्याच्या काळाच्या व समाजाच्या प्रचलित मानदंडांच्या प्रकाशात पाहावा. त्याच तत्त्वांत स्त्रियांना हीन लेखणारी दृश्ये नसावीत आणि लैंगिक हिंसा कथेसाठी अटळ असेल तर ती किमान असावी व तिचा तपशील दाखवू नये असेही म्हटले आहे. म्हणजे ए प्रमाणपत्र ही सरसकट मोकळीक नव्हे. ज्यांना वाटते की 'ए घेतले की काहीही चालते', त्यांना पहिला धक्का इथे बसतो.

अश्लील कशाला म्हणावे याचे उत्तर न्यायालयांनी हळूहळू बदलत आणले आहे. पूर्वी इंग्लंडमधली जुनी हिकलिन कसोटी चालत असे: ज्याचे मन सहज बिघडू शकते अशा दुबळ्या वाचकावर या मजकुराचा काय परिणाम होईल, एवढेच ती विचारी. मराठी वाचकाला जवळचे उदाहरण म्हणजे चंद्रकांत काकोडकर यांचा खटला. 'रंभा' मासिकाच्या १९६२ च्या दिवाळी अंकातल्या त्यांच्या लेखनावर अश्लीलतेचा आरोप होता आणि १९६९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना निर्दोष ठरवले. १९९६ मध्ये 'बँडिट क्वीन'च्या निकालात त्याच न्यायालयाने म्हटले की पडद्यावरची नग्नता कोणत्या संदर्भात आली हे पाहिले पाहिजे. अपमानाची भीषणता दाखवणारी नग्नता वासना चाळवत नाही. २०१४ च्या अवीक सरकार निकालाने हिकलिन कसोटी बाजूला सारली आणि तिच्या जागी समकालीन समाजमानाची कसोटी आणली. या प्रवासात मराठवाडाही आहे. लातूरच्या न्यायालयात एका कवितेवरून चाललेला खटला २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला, आणि आदरणीय ऐतिहासिक व्यक्तीच्या तोंडी शब्द घालताना ही समाजमानाची कसोटी अधिक कडक होते, असे तिथे ठरले.

प्रमाणपत्र हातात आले तरी ए चित्रपट दूरचित्रवाणीवर जसाच्या तसा दाखवता येत नाही, त्यासाठी तो कापून नव्याने प्रमाणित करून घ्यावा लागतो. महोत्सवाचा मार्ग वेगळा आहे: तिथे केंद्रीय माहिती व प्रसारण मंत्रालयाच्या सवलतीने, नोंदणी केलेल्या प्रतिनिधींसमोर, प्रमाणपत्राविनाही चित्रपट दाखवता येतो. संभाजीनगरात अजिंठा-वेरूळ आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरतो, त्यामुळे इथल्या तरुणांना ही वाट घराजवळची आहे, मात्र ती तिकीटबारीपर्यंत पोहोचत नाही.

मग उरतो ओटीटी. तिथे मंडळाचे प्रमाणपत्र लागत नाही. २०२१ च्या माहिती तंत्रज्ञान नियमांनुसार प्रकाशकाने स्वतःच वयाची वर्गवारी करायची, ए वर्गासाठी वयाची खात्री करणारी यंत्रणा ठेवायची, आणि तक्रार आली तर पंधरा दिवसांत तिचा निकाल लावायचा असतो. अनेकांनी याचा अर्थ 'तिथे कायदाच नाही' असा घेतला, तो साफ चुकीचा आहे. माहिती तंत्रज्ञान कायद्याचे कलम ६७ आणि ६७-अ तिथे लागू होतातच. लैंगिक कृतीचे उघड चित्रण प्रसारित केल्यास पहिल्या वेळेलाच पाच वर्षांपर्यंत कारावास आणि दहा लाखांपर्यंत दंड होऊ शकतो. केंद्र सरकारने मार्च २०२४ मध्ये १८ आणि जुलै २०२५ मध्ये २५ प्लॅटफॉर्म बंद केले. आणि आणखी एक रेघ आहे, जिच्या अलीकडे-पलीकडे चर्चेला जागाच नाही: कलाकार आणि पात्र दोन्हीही अठरा वर्षांवरील असलेच पाहिजेत. इंटर्नची कथा लिहिताना पात्राला शाळकरी वेश किंवा वागणूक देण्याचा मोह काही लेखकांना होतो. तो कागदावरच मोडावा.

दुसरा गज: अधिकार

आता ज्या कायद्याविषयी त्या मुलाने विचारलेच नव्हते, त्याच्याकडे वळू. सर्वोच्च न्यायालयाच्या १९९७ च्या विशाखा निकालातून पुढे २०१३ मध्ये कामाच्या ठिकाणी महिलांच्या लैंगिक छळाविरुद्धचा कायदा आला. सगळे त्याला 'पॉश कायदा' म्हणतात. त्यात 'कर्मचारी' या शब्दाची व्याख्या मुद्दाम रुंद ठेवली आहे. पगार मिळतो की नाही याला महत्त्व नाही, आणि प्रशिक्षणार्थी व शिकाऊ उमेदवार तिच्यात नाव घेऊन घातलेले आहेत. संहितेतली परभणीची मुलगी पहिल्या दिवसापासून या कायद्याच्या छत्राखाली असते, मग तिच्या गळ्यात ओळखपत्र 'व्हिजिटर'चे का असेना.

हा कायदा स्पर्शापुरता थांबत नाही. नकोसे असलेले लैंगिक वर्तन हा त्याचा गाभा आहे, आणि त्या वर्तनाच्या जोडीला कामात झुकते माप देण्याचे आमिष असेल, ते उघड असो की सूचित, किंवा नोकरीच्या आजच्या अथवा पुढच्या स्थितीविषयी धमकी असेल, तर कलम ३ नुसार तो छळ ठरू शकतो. 'सूचित' हा शब्द फार महत्त्वाचा आहे. साहेबांनी पेनचे टोपण काढत-लावत "थांबता येईल का" असे विचारले, यात एकही वाईट शब्द नाही. प्रमाणन मंडळ या दृश्याला यू देईल. पण पुढे त्यातून काही नकोसे घडले आणि मुलीने तक्रार केली, तर चौकशी समिती याच दृश्यापाशी सर्वांत जास्त वेळ थांबेल. उलट, दोन समान हुद्द्याच्या प्रौढांनी एकमेकांच्या मर्जीने जवळ येण्याच्या ज्या दृश्याला मंडळ ए देईल, त्यात या कायद्याला पाहण्यासारखे काही नसते. दोन्ही गज एकाच कथेला लावले की ते असे उलटसुलट बोलतात, आणि या विषयावरच्या चित्रपटाची खरी सामग्री या तफावतीत आहे.

दहा किंवा अधिक माणसे काम करतात तिथे अंतर्गत समिती असावीच लागते. तिची अध्यक्ष वरिष्ठ महिला, निदान निम्मे सदस्य महिला आणि एक सदस्य बाहेरचा. त्याहून लहान आस्थापनेसाठी जिल्हा पातळीवर स्थानिक समिती असते. तक्रार तीन महिन्यांत करायची, समितीला कारण पटले तर आणखी तीन महिने मिळतात, आणि चौकशी नव्वद दिवसांत संपवायची असते. दोन महिन्यांची इंटर्नशिप संपून मुलगी परभणीला परतली तरी तिचा तक्रारीचा हक्क चालू असतो, हे फार कमी मुलींना माहीत असते. विद्यार्थिनी म्हणून तिचे महाविद्यालयही बाजूला होऊ शकत नाही: विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०१५ च्या विनियमांत 'परिसर' या शब्दात इंटर्नशिपची जागासुद्धा धरलेली आहे. साहेबांच्या जागी मॅडम आणि मुलीच्या जागी मुलगा असेल तर पॉश कायदा त्याला उपयोगी पडत नाही, कारण तो फक्त स्त्रियांसाठी आहे. आयोगाचे विनियम मात्र काही मुलगे आणि तृतीयपंथी विद्यार्थीही असुरक्षित असतात हे मान्य करतात.

या कायद्याच्या नियमांत एक तरतूद मला कथाकाराच्या नजरेने विलक्षण वाटते. चौकशी चालू असताना तक्रारदार महिलेच्या कामाचा अहवाल लिहिण्यापासून संबंधित अधिकाऱ्याला रोखता येते आणि ते काम दुसऱ्या अधिकाऱ्याकडे सोपवता येते. कायदा करणाऱ्यांनी नेमके ओळखले होते की छळाचे हत्यार पुष्कळदा पेन हेच असते, म्हणून आधी पेन काढून घ्यायचे. फौजदारी कायद्यातही १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम ६९ मध्ये नोकरीचे किंवा बढतीचे खोटे आश्वासन देऊन ठेवलेले शरीरसंबंध हा दहा वर्षांपर्यंत शिक्षेचा गुन्हा आहे.

सेटवरची इंटर्न

सगळ्यात अवघड बोलणे सेटविषयी झाले. त्या मुलाने दोन शिकाऊ मुली दिग्दर्शनात मदतीला घेतल्या होत्या, विनामोबदला, "अनुभव मिळेल" या बोलीवर. आणि नायिका म्हणून जी मुलगी ठरली होती तिचा हा पहिलाच चित्रपट होता. म्हणजे ज्या असमान नात्यावर तो चित्रपट काढत होता, त्याच नात्यात तो स्वतः साहेबांच्या खुर्चीवर बसला होता. चित्रीकरणाची जागा हेही कामाचे ठिकाण आहे आणि निर्मितीसंस्थेला अंतर्गत समिती लागते, असे केरळ उच्च न्यायालयाने २०२२ मध्येच सांगितले आहे. त्याच राज्यातला, मल्याळम चित्रपटसृष्टीतल्या स्त्रियांच्या स्थितीवरचा हेमा समितीचा अहवाल २०२४ च्या ऑगस्टमध्ये बाहेर आल्यावर हा विषय सगळ्या देशात बोलला गेला.

जवळिकीची दृश्ये बसवण्याची आता एक रीत तयार झाली आहे. २०१८ मध्ये एचबीओ या अमेरिकी वाहिनीने अशा दृश्यांसाठी 'इंटिमसी कोऑर्डिनेटर' नेमण्याचे ठरवले आणि ती पद्धत भारतातही आली. हाणामारीच्या दृश्यासाठी जसा फाइट मास्टर असतो तसे हे काम. दृश्याच्या आधी दोन्ही कलाकारांसमोर कागद ठेवला जातो: हात कुठपर्यंत जाईल, कोणते वस्त्र निघेल, कोणते अजिबात निघणार नाही, कॅमेरा कुठे असेल. हालचाली मोजून बसवल्या जातात, एक-दोन-तीन अशा. त्वचेच्या रंगाची चिकटपट्टी आणि अंगांमध्ये ठेवायची पातळ गादी वापरली जाते. मॉनिटरसमोर चारच माणसे राहतात, बाकीचा चमू बाहेर चहा पितो. 'थांबा' म्हटले की थांबायचे, कारण विचारायचे नाही. पडद्यावर जे आवेगाने घडल्यासारखे दिसते ते मागे असे शाळेतल्या कवायतीसारखे असते, हे ऐकून त्या मुलाला हसू आले. चित्रित झालेल्या फितींचेही बंधन आहे: स्त्रीने चित्रणाला संमती दिली असली तरी ते त्रयस्थाला दाखवायला संमती दिली नसेल, तर पसरवणे हा न्याय संहितेच्या कलम ७७ खाली गुन्हा ठरतो. संकलकाच्या लॅपटॉपवरून मित्राच्या मोबाइलवर गेलेला वीस सेकंदांचा तुकडा 'गंमत' म्हणून सुटत नाही.

दिवाळीनंतर तो नवी प्रत घेऊन आला. चौपन्न पानांची एकोणपन्नास झाली होती. पावसातले दृश्य गेले होते, खर्चाच्या पानावर इंटिमसी कोऑर्डिनेटरच्या तीन दिवसांची आणि दोन्ही शिकाऊ मुलींच्या मानधनाची ओळ वाढली होती, आणि एकूण आकडा पुन्हा खोडून लिहिला होता. टेबलासमोरचे ते दृश्य तसेच होते, फक्त आता साहेब कागदावर आधी सही करतात, शिफारशीचा रकाना भरतात, कागद तिच्या हातात देतात आणि मग विचारतात, थांबता येईल का. बाहेर हॉर्न वाजतो. मुलगी काय करते ते त्या पानावर लिहिलेले नव्हते. त्याने तिथे पेन्सिलीने एक प्रश्नचिन्ह काढून ठेवले होते आणि नायिकेशी बोलून ठरवतो म्हणाला.